पोथीची जादू

गोष्टींच्या जगात एक प्राचीन ग्रंथ वारंवार भेटतो. जुन्या वाड्याच्या तळघरात, धुळीने माखलेल्या पेटीत तो पडून असतो. एखादा धीट मुलगा त्याची पाने उलटतो, तोच त्यातील अक्षरे हलू लागतात आणि पाहता पाहता मुलगा भलत्याच लोकात जाऊन पोहोचतो. असा ग्रंथ खरोखर कोठे असेल काय, असा प्रश्न गोष्ट ऐकणाऱ्याच्या मनात येतो. त्याचे उत्तर शोधण्यासाठी फार दूर जावयास नको.

अहिल्यानगर जिल्ह्यात, म्हणजे पूर्वीच्या अहमदनगर जिल्ह्यात, प्रवरेच्या काठी नेवासे हे गाव आहे. तेथील माती फार जुन्या आठवणी पोटात घेऊन बसली आहे. 1954 ते 1956 या काळात पुण्याच्या डेक्कन कॉलेजातील पुरातत्त्वज्ञ डॉ. सांकलिया व त्यांचे सहकारी यांनी येथे उत्खनन केले. तेव्हा तीन हजार वर्षांहूनही जुनी वस्ती उजेडात आली. तांबड्या रंगावर काळी नक्षी काढलेली भांडी सापडली. दगडाची लहान लहान पाती सापडली. मरण पावलेल्या बालकांना मातीच्या भांड्यांत ठेवून पुरण्याची त्या लोकांची रीत होती, हेही कळून आले. केवढी माया असेल त्या आईबापांची! परंतु त्या बालकांची नावे काय होती, त्यांना निजविताना आई कोणती अंगाई म्हणत असे, हे आज कोणासही सांगता येत नाही. त्या लोकांनी लिहिलेले एकही अक्षर मागे राहिले नाही. त्यांची भांडी उरली, शब्द मात्र विरून गेले.

त्याच नेवाशात एक दगडी खांब उभा आहे. तो करवीरेश्वराच्या प्राचीन देवळातील असून त्यावर संस्कृत लेख कोरलेला आहे. देवापुढील दिव्याच्या तेलासाठी कोणी दान दिले, एवढीच त्यातील हकीकत. ते देऊळ पडले, तो दिवाही केव्हाच विझला; पण दात्याचे दान आजही वाचता येते. चार ओळींच्या अंगी एवढे सामर्थ्य असते!

याच खांबाला टेकून ज्ञानेश्वरांनी भगवद्गीतेचा अर्थ मराठीत सांगितला, असे परंपरा सांगते. ते वर्ष शके 1212, म्हणजे इसवी सन 1290 होते. त्या वेळी ज्ञानेश्वरांचे वय अवघे पंधरा-सोळा वर्षांचे होते. गीता संस्कृतात असल्यामुळे शेतात राबणाऱ्यास, घरात दळणाऱ्या स्त्रीस ती कळत नसे. गीतेच्या सातशे श्लोकांवर ज्ञानेश्वरांनी सुमारे नऊ हजार ओव्या सांगितल्या आणि सच्चिदानंदबाबांनी त्या लिहून घेतल्या. या बाबांना ज्ञानेश्वरांनी मृत्यूच्या दारातून परत आणले, अशी आख्यायिका आहे. आख्यायिका काहीही असो. वाऱ्यावर उडून जाणारे बोल बाबांनी अक्षरांत धरून ठेवले, हा चमत्कार तरी सर्वांना दिसणारा आहे.

सच्चिदानंदबाबांच्या हातची ती मूळ पोथी मात्र आज उपलब्ध नाही. मग तिच्यातील ओव्या आजच्या मुलांपर्यंत आल्या कशा? त्या हातोहात आल्या. त्या काळी छापखाने नव्हते. काजळाची शाई करावी, बोरू तासावा आणि एकेक पान उतरून घ्यावे, असे ते काम असे. पुढे सुट्या पानांना वरखाली फळ्या लावून पोथी कापडात बांधून ठेवीत. तेलापासून, पाण्यापासून आणि सैल बांधणीपासून पोथी जपावी, अशी विनवणी कित्येक लेखनिक शेवटच्या पानावर करीत असत. कागदाला वाळवी लागते, शाई पुसट होते, हे त्यांना पुरते ठाऊक होते.

परंतु वाळवीपेक्षाही मोठे भय निराळेच होते. उतरून घेणाऱ्याची नजर एखादी ओळ चुकवी. जुना शब्द न समजल्यास कोणी त्याच्या जागी सोपा शब्द घाली. कोणी तर स्वतःची ओवीच मध्ये बसवून देई. अशी सुमारे तीनशे वर्षे लोटली. तेव्हा पैठणच्या एकनाथमहाराजांनी निरनिराळ्या पोथ्या जमवून पाठ ताडून पाहिले आणि शके 1506, म्हणजे 1584 साली ज्ञानेश्वरीची शुद्ध प्रत सिद्ध केली. एकनाथ स्वतः थोर कवी होते. मनात आणते तर दोनचारशे ओव्या सहज रचून घालते. त्यांनी तसे केले नाही. उलट, पुढेही कोणी आपली ओवी या ग्रंथात मिसळू नये, असे त्यांनी बजावून ठेवले. ज्याला उत्तम लिहिता येते, त्याने दुसऱ्याच्या लेखनात आपला शब्द न घालणे, हा केवढा संयम!

पुढे छापखाने आले आणि ज्ञानेश्वरी घरोघर गेली. 1967 ते 1969 या काळात तिचा इंग्रजी अनुवाद लंडनमध्ये दोन खंडांत प्रसिद्ध झाला. प्रवरेकाठी एका किशोराने उच्चारलेले शब्द सातासमुद्रांपलीकडच्या वाचकाच्या हाती पडले. एका लोकातून दुसऱ्या लोकात नेणारा ग्रंथ म्हणतात तो याहून निराळा काय असेल?

‘अक्षर’ म्हणजे जे नाश पावत नाही ते. पण अक्षरे आपोआप अक्षय होत नाहीत. दिव्याच्या उजेडात मान मोडून, एक कानाही न चुकविता, ज्यांनी ती पुन्हा पुन्हा लिहिली, त्यांनी त्यांना अक्षय केले. त्यांतील बहुतेकांची नावे आज कोणासही ठाऊक नाहीत. स्वतःचे नाव मागे राहावे म्हणून ते लिहीत नव्हते; हाती आलेली पोथी पुढच्याच्या हाती जशीच्या तशी जावी, एवढीच त्यांची इच्छा होती.