अपिलाआधी पंचनामा

अपघाताच्या खटल्यात चालक निर्दोष सुटला की अपील ठोकायचंच, असं माझं बरीच वर्षं ठाम मत होतं. मेहकरसारख्या गावात वकिली करताना ते सोयीचंही होतं. नातेवाईक पेटलेले असतात. शिवाय 31 डिसेंबर 2009 पासून मृताच्या वारसांना सुटकेविरुद्ध स्वतः अपील करता येतं. सरकारला नागपूर खंडपीठाची परवानगी काढावी लागते, वारसांचं काम जिल्ह्यातल्या सत्र न्यायालयातच भागतं. ‘सुटला म्हणजे मॅनेज झालं’ हे वाक्य कानावर आलं की मी वकीलपत्र पुढे सरकवायचो.

मत बदललं ते एका जुन्या निकालानं. 1982 मध्ये कर्नाटकात ट्रक उलटून 15 माणसं गेली. खालच्या दोन्ही न्यायालयांनी चालकाला दोषी धरलं, उच्च न्यायालयानं सोडलं आणि 1998 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं सरकारचं अपील फेटाळलं. साक्षीदार म्हणाले होते, गाडी जोरात होती. जोरात म्हणजे किती, ते कुणीच सांगितलं नव्हतं. वाचून आधी संताप आला. मग कपाटातल्या माझ्याच फायली काढून बसलो. तेव्हाच्या दंड संहितेतलं कलम 279, 304-अ. फिर्यादीत तेच ‘भरधाव वेगाने, हयगयीने व निष्काळजीपणे’. घटनास्थळाच्या नकाशात रस्ता आहे, बाभळीचं झाड आहे, ब्रेकच्या खुणा मात्र नाहीत. पंच पिंजऱ्यात येऊन सांगतो, “साहेब, सही माझी आहे, मजकूर माहीत नाही.” अपिलात वर जातात ते हेच कागद, नवा पुरावा सहसा येत नाही. त्यात सुटलेल्या माणसाच्या बाजूचं निर्दोषत्वाचं गृहीतक आणखी पक्कं झालेलं असतं.

1 जुलै 2023 ला समृद्धी महामार्गावर पिंपळखुट्याजवळ बस जळून 25 प्रवासी गेले, तेव्हा चालकाला सोडू नका असं जो तो म्हणत होता. मीही म्हणालो. पण चालक टायर फुटल्याचं सांगत होता आणि आरटीओची पाहणी ते नाकारत होती. खटल्यात वजन पडतं ते अशा पाहणीचं, आपल्या रागाचं नाही.

वारसांना खरी धास्ती भरपाईची असते. फौजदारी सुटकेनं मोटार अपघाताचा दावा बुडत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं 1980 मध्येच सांगितलंय. एवढं समजावलं की निम्मे लोक अपिलाचं नाव काढत नाहीत. बाररूममधले मित्र म्हणतात, आलेलं गिऱ्हाईक घालवतोस. घालवतो खरा.

सगळ्यांना नाही. वाहन उलट्या बाजूनं आल्याचं नकाशात दिसतंय आणि निकालपत्रात त्यावर अवाक्षर नाही, अशी फाईल आली की वकीलपत्रावर त्याच दिवशी सही घेतो.