साथीदाराचा चेहरा

देहूरोडला राहणाऱ्या मराठीच्या प्राध्यापकाने अमेरिकन जॅझवर लिहावे, हे तुम्हांला जरा विचित्रच वाटेल. पण रात्री उत्तरपत्रिकांचा गठ्ठा बाजूला सारला, की मी मोबाइलवर तिकडच्या जुन्या वाद्यवृंदांचे तीन-तीन मिनिटांचे चित्रपट पाहत बसतो.

मोठे गमतीचे प्रकरण आहे हे. १९४० नंतर तिकडे हॉटेलांत कपाटाएवढे एक यंत्र असे. दहा सेंटांचे नाणे टाकले, की त्याच्या पडद्यावर एक गाणे लागे. कोणते, ते मात्र यंत्र ठरवी! रिळावर आठ गाणी ओळीने असत; आपल्या नाण्याला येईल ते मुकाट्याने पाहायचे. पुढे १९५० ते १९५२ च्या सुमारास लुई स्नेडर याने टेलिव्हिजनसाठी अशीच गाणी चित्रित केली. कार्यक्रमांमधल्या रिकाम्या जागा त्यांनी भरीत. म्हणजे भरताडच! पण त्या भरताडात ड्यूक एलिंग्टन आहे, नॅट किंग कोल आहे, आणि मागे बसलेल्या वादकांचे फुगलेले गालही आहेत.

ते गाल पाहिले, की मला माझे मामा आठवतात. ते लग्नाच्या बँडमध्ये क्लॅरिनेट वाजवीत. कितीतरी घरांच्या अल्बमांत नवरदेवाचा घोडा असेल. मामांचा वाजवतानाचा फोटो आमच्याकडे एकही नाही.

मुंबईच्या सिनेमातही तेच झाले. रात्री हॉटेलात जॅझ वाजवणारे गोव्याचे वादक दिवसा स्टुडिओत ट्रंपेट फुंकीत. चेहरा नटाचा, गळा पार्श्वगायकाचा. फुंकर मात्र निनावी. १९५१ चा 'अलबेला' हा सुखद अपवाद. भगवानदादांचा चित्रपट, सी. रामचंद्रांचे संगीत, आणि त्यातल्या एका गाण्यात चिक चॉकलेट आपल्या वाद्यवृंदासह चक्क पडद्यावर! हे हळदोण्याचे आंतोनिओ झेवियर वाझ. हिंदुस्थानचे लुई आर्मस्ट्राँग म्हणून त्यांची ख्याती होती. १९६७ साली ते गेले. पण त्या गाण्यापुरते आजही दिसतात.

आमच्या शेजारच्या देहूत कीर्तन रंगते, तेव्हा मृदंगी आणि टाळकरी बुवांबरोबरच उभे असतात. त्यांचा घाम साऱ्या सभेला दिसतो. ही साधी रीत सिनेमाला का जमू नये?

या दिवाळीत घरी 'अलबेला' लावलात, तर पुढे नाचणाऱ्यांवरची नजर क्षणभर काढा आणि मागच्या वादकांकडे पाहा. मुलांनाही दाखवा.