छायाचित्राखालचीं नांवें

गेल्या पावसाळ्याच्या अखेरीस आमचा एक जुना विद्यार्थी चौकास आमच्या घरीं आला व या वार्षिकाचे जुने अंक मागूं लागला. तो आतां तालुक्यांतील एका महाविद्यालयाच्या कबड्डी संघाचा संघनायक आहे. वाचनाचें वेड त्याला पूर्वीं नव्हतें, म्हणून आम्हांस नवल वाटलें. त्याला हवीं होतीं तीं खेळाडूंच्या छायाचित्रांखालचीं नांवें! आमचीं पुष्कळ मुलें पुढें त्याच महाविद्यालयाकडून खेळलीं. तीं आज कोठें आहेत हें शोधून त्यांस एका रविवारीं सामन्यास बोलवावें, असा संघाचा बेत होता. सामना हें निमित्त. शेवटच्या वर्षाच्या मुलांस नोकरीचा घोर लागला होता.

आमच्या भागानें मुंबईस नेहमीं दिलेंच आहे. १९१५ सालीं खोपोलीच्या वीजगृहांतून मुंबईच्या गिरण्यांस वीज जाऊं लागली. माणसेंही त्याच दिशेनें गेलीं. संगणकाच्या कामास मात्र मुंबईच हवी असें नाहीं. तामिळनाडूंत तेनकाशीजवळ झोहो कंपनीनें २०११ सालीं खेड्यांत लहानसें कार्यालय थाटलें व पुढें आसपासच्या मुलांस काम शिकवून नोकरीस घेतलें. नागपुरास मिहानमध्यें टीसीएस व इन्फोसिस आहेत. मग सर्वांनीं ऐरोलीचीच वाट कां धरावी, हा मुलांचा प्रश्न रास्त होता.

यादी पाहतांना आम्हांस एक नांव आठवलें, जें कोणत्याच छायाचित्राखालीं नव्हतें. तो मुलगा नववींत गणितांत नापास झाला, तेव्हां आम्हींच त्यास संघांतून काढलें होतें. त्याच्या भल्यासाठीं, असें त्या वेळीं आम्ही म्हणत असूं. महाविद्यालयांत गेल्यावर तो पुन्हां खेळला. तें नांव आम्हीं स्वहस्तें यादींत घातलें, कांहींशा लाजेनेंच.

रविवारीं उपासना आटोपून आम्ही मैदानावर गेलों, तों तो नागपुराहून रात्रभर प्रवास करून आलेला! तेथें तो संगणकाच्या आज्ञावली तपासण्याचें काम करितो. सामन्यांत त्याची चांगलीच दमछाक झाली. मागाहून मुलें गुणपत्रकें घेऊन त्याच्याभोंवतीं जमलीं. तीं त्यानें पाहिलीं न पाहिलीं, आणि संघनायकास विचारिलें, "पहांटे मैदानावर फक्की मारावयास कोण येतो?" एका अबोल, राखीव गड्याकडे बोटें वळलीं. त्याच्याशीं तो दिवेलागणीपर्यंत बोलत बसला.

वचन त्यानें कोणासच दिलें नाहीं. "परीक्षा ज्याची त्यालाच द्यावी लागेल, सर, मी नांव तेवढें पुढें करीन," असें तो आम्हांस म्हणाला. पहिल्या परीक्षेंत तो अबोल मुलगा उतरला नाहीं. हल्लीं आठवड्यांतून दोन रात्रीं दूरध्वनीवरून नागपूरची शिकवणी चालते.

आमच्या त्या निर्णयाविषयीं तो कांहींच बोलला नाहीं. निघतांना नमस्कार मात्र वांकून केला, आणि तोच आम्हांस जड गेला.

यंदाच्या अंकांत आमच्या संघाचें छायाचित्र आहे. त्यांत बारा गडी उभे आहेत. मागल्या रांगेंतील दोघांचा गणिताचा तास आम्ही सायंकाळीं खेळ संपल्यावर घेतों.