डोमकावळ्याची गोष्ट

जर्मन चित्रपट-दिग्दर्शक वेर्नर हर्झॉग यांना बालपणी स्की-उड्डाणपटू व्हावयाचे होते. ते राहून गेले. परंतु 1974 साली त्यांनी दूरचित्रवाणीसाठी वॉल्टर स्टायनर या स्विस उड्डाणपटूवर सुमारे पाऊण तासाचा अनुबोधपट केला. स्टायनर हे लाकडावर कोरीवकाम करणारे कारागीर. साप्पोरो येथील 1972 च्या ऑलिंपिकमध्ये त्यांनी रौप्यपदक मिळविले होते. मूळचे ते अबोल.

हा खेळ आपल्याकडे अपरिचित. उंच उतारावरून बर्फावर घसरत यावयाचे, टोकाशी स्वतःला हवेत झोकून द्यावयाचे आणि खालच्या उतारावर अलगद उतरावयाचे. भूमी तिरकी असेतो धक्का सोसवतो. जो फार दूर जातो तो सपाटीवर आदळतो. म्हणजे कौशल्य जितके अधिक, तितके मरण जवळ!

त्या काळी युगोस्लाव्हियात असलेल्या प्लानित्सा येथे नेमके हेच घडले. जागतिक उच्चांक 169 मीटरांचा असताना स्टायनर 177 मीटरांवर उतरले आणि कोसळले. आरंभस्थान खाली आणावे, ही त्यांची विनंती होती. पंचांना आणि हजारोंच्या जमावाला मात्र उच्चांक हवे होते. उडी दुसऱ्याने घ्यावयाची असली की प्रेक्षकांचे धैर्य अमर्याद असते. अखेर स्टायनर यांनी स्वतःच इतरांपेक्षा खालून आरंभ केला, आणि तरीही ते सर्वांच्या पुढे गेले.

हर्झॉग हातात ध्वनिक्षेपक घेऊन स्वतः पडद्यावर येतात. एखाद्या वार्ताहरासारखे ते विजयाविषयी विचारू शकले असते. त्यांनी स्टायनर यांना भीतीविषयी बोलते केले. आणि त्याहूनही आतली एक गोष्ट त्यांच्या मुखातून बाहेर आणली. ती सांगताना स्टायनर अडखळतात, कारण ती विजयाची नाही.

लहानपणी त्यांनी डोमकावळ्याचे एक पिल्लू पाळले होते. दूध-पाव घालून वाढविले. पक्षी इतका लळा लागलेला, की खांद्यावर येऊन बसे. मित्रांसमोर मुलाला त्याचा थोडा संकोचही वाटे. पुढे त्या पक्ष्याची पिसे गळू लागली. बहुधा त्या आहारामुळेच. उडता येईना, तेव्हा इतर डोमकावळे त्याला टोचून छळू लागले. तो हाल पाहवेना म्हणून मुलाने अखेर स्वतःच त्याला गोळी घातली.

मायेने भरविलेल्या घासानेच पंख गेले आणि सुटकाही त्याच हाताने करावी लागली. हे दुःख तो मुलगा मोठा होईतो कुणाजवळ बोलला असेल, असे त्याच्या चेहऱ्यावरून वाटत नाही. हर्झॉग त्यावर सांत्वनाचे शब्द बोलत नाहीत, उपदेशही करीत नाहीत. गोष्ट संपल्यावर पडद्यावर स्टायनर पुन्हा दिसतात: अतिमंद गतीत, तोंड किंचित उघडे, देह पुढे झुकलेला, पायाखाली भूमी नाही आणि भोवताली नुसता पांढरा शुभ्र बर्फ.