खुडून उरणारी भाजी

वर्धा जिल्ह्यातल्या जामच्या चौरस्त्याभोवती काळी कसदार माती आहे, आणि तिच्यात कपाशी, तूर, सोयाबीन. अशा मातीच्या गावात पालेभाजी विकत आणायची पाळी यावी, हे मला बोचतं. निंदणाला गेलेल्या बाया पूर्वी ओट्यात चवळाई, चिवळ घेऊन घरी यायच्या. कपाशीच्या कडेला अंबाडी असायची. सोयाबीन पसरलं, तणनाशकं आली, आणि रुंद पानांच्या तणाबरोबर ही फुकटची भाजीही गेली. शेतानं सोडलेलं हे काम आता परसानं उचलावं, आणि परसात पहिला मान खुडून उरणाऱ्या भाजीला द्यावा, असं माझं म्हणणं. कोबीचा गड्डा कापला की वाफा रिकामा. त्याच्याच जातीचं, पण गड्डा न धरणारं कोलार्ड, म्हणजे काश्मिरी घरांतलं हाख, खालून पानं खुडली तरी शेंड्याकडून वाढतच राहतं. शिवाय पालकातल्या ऑक्सॅलिक आम्लामुळे त्यातलं कॅल्शियम अंगी कमी लागतं. कोबीच्या कुळातल्या पानांत हे आम्ल फार थोडं.

काश्मीरची भाजी वैदर्भी उन्हात कशी टिकेल, असं कुणी विचारेल. उन्हाळ्यात टिकणार नाहीच. ऊन तापलं की पान कडू नि चिवट होतं. पण कोबी पिकवणारा इथला हिवाळा तिलाही पुरतो. दिवाळीच्या सुमारास रोपं गादीवाफ्यावर हातभर अंतरानं लावावीत, कारण काळी माती पाणी धरून ठेवते. पानं उलटून अळ्या वेचाव्यात, माव्यावर निंबोळी अर्क फवारावा. पावसाळा अंबाडीचा, उन्हाळा चवळाईचा. हाखानं त्यांची जागा घ्यायची नाही.

खरा आक्षेप वेगळा आहे: हे काम शेवटी बाईच्याच अंगावर पडणार. तसं होणार असेल तर परसबागेचा आग्रह मीही धरणार नाही. वाफा खणणं, पाणी घालणं पुरुषांनी आणि पोरांनी करावं. पाल्याची चिंता पुरुषाला शोभत नाही म्हणणाऱ्यांना याच जिल्ह्यातली मगनवाडी दाखवावी. 1935 साली तिथं गांधीजी कच्च्या पाल्याचे प्रयोग स्वतःच्या जेवणात करत होते आणि ‘हरिजन’मधून त्यावर लिहीत होते. ग्रामोद्योगाच्या कामात तेलघाणी आणि हातकागदाइतकंच ताटातलं हिरवं पानही त्यांना महत्त्वाचं वाटलं. सोयाबीनच्या भावावर रोज बोलणाऱ्या घरात चार वाफ्यांच्या पाण्याची पाळीही ठरवता येईल.