वागळे इस्टेटींतील रानछत्र्या

ठाण्याची वागळे इस्टेट ही कारखान्यांची वसाहत; परंतु येऊरचें रान येथून दूर नाहीं. श्रावणांत ह्या भागांतून फिरतांना भिंतींच्या कडेस व कुजक्या ओंडक्यांवर उगवलेल्या छत्र्या आम्हांस दिसतात. संस्कृतांत ह्यांस छत्राक म्हणतात. मनूनें तीं द्विजांस वर्ज्य सांगितलीं. तरी कोंकणांत वारुळावरचीं अळंबीं आवडीनें खातात.

भय आहे तें त्यांसारख्याच दिसणाऱ्या विषारी जातींचें. चांदीचें नाणें काळें पडलें नाहीं, किंवा किड्यांनीं कुरतडली, म्हणून छत्री निर्दोष, ही समजूत खोटी होय. ॲमॅनिटा वर्गांतील कित्येक जाती प्राणघातक आहेत. देंठाच्या बुडाशीं पिशवी ही त्यांची मोठी खूण. पण छत्री वरून खुडल्यास ती मातींतच राहते. त्यांचें विष शिजवूनही जात नाहीं. बहुधा सहा तासांनंतर वांत्या व जुलाब होतात. पुढें रोग्यास बरें वाटूं लागतें, आणि त्याच वेळीं आंत यकृत नासत असतें.

म्हणून रानची अनोळखी छत्री स्वयंपाकघरांत आणूंच नये. चुकून खाल्ली गेल्यास उरलेला तुकडा बरोबर घेऊन तत्काळ रुग्णालय गांठावें. उतार पडला म्हणून घरीं थांबूं नये.