आजीनं गाळलेली ओळ

गंगाखेडच्या जत्रेतून आणलेली जनाबाईच्या अभंगांची पुस्तिका मी आजीला वाचून दाखवत होते. चौथ्या-पाचव्या अभंगाला तिनं हात वर केला. "ही वळ आम्ही म्हनत नाही, माय." मी छापलेल्या ओळीवर बोट ठेवलं. पुस्तकात आहे म्हटल्यावर ती क्षणभर गप्प झाली. मग म्हणाली, "आसंल. पन हिच्यापाशी घास चुकतो."

जात्यावर एक हात खुंट्याला आणि दुसरा जवारीच्या घासाला. ओळ जिथं श्वास घेते तिथं मूठ जात्याच्या तोंडात रिकामी होते. ओळ लांबली तर पाळू कोरडी फिरते, दगडाला दगड लागतो, पिठात कच येते. आजीच्या आईनं, सासूनं, गल्लीतल्या सगळ्या बायकांनी ती ओळ कधीतरी याच कारणानं सोडून दिली असणार.

त्या वर्षी मी परभणीत इंग्रजीचं एम.ए. करत होते आणि टेबलावर सर फिलिप सिडनीचा कवितेच्या बाजूनं लिहिलेला निबंध होता. 1580च्या सुमारास लिहिलेला हा निबंध कित्येक वर्षं हस्तलिखितातच होता. उमराव घराण्यातल्या माणसानं आपलं लिखाण दुकानात विकायला ठेवणं तेव्हा हलकं समजलं जाई. 1586 मध्ये सिडनी लढाईतल्या जखमेनं गेला, आणि 1595 साली लंडनमध्ये दोन प्रकाशकांनी तोच निबंध दोन वेगळ्या नावांनी छापला. इंग्रजी समीक्षेचा पाया म्हणून आम्ही तो शिकत होतो.

त्यात एक जागा आहे, तिथं मी आजही थांबते. सिडनी कबूल करतो की पर्सी आणि डग्लस यांच्या लढाईचं जुनं गाणं ऐकलं की रणशिंग वाजल्यासारखं त्याचं काळीज हलतं. आणि ते गाणारा असतो एक आंधळा वाजंत्री, गाण्याइतकाच ओबडधोबड आवाजाचा. मग लगेच त्याला हळहळ वाटते: हेच गाणं ग्रीक कवी पिंडारच्या भरजरी भाषेत असतं तर काय झालं असतं! मला त्या हळहळीचा राग येतो. काळीज हललं होतं ना? मग भरजरी वस्त्र कशाला? त्या आंधळ्यानंही गावोगाव गाताना किती ओळी टाकल्या, किती राखल्या असतील, हे सिडनीच्या मनातही आलं नाही.

जनाबाई गंगाखेडची. लहानपणीच पंढरपूरला नामदेवांच्या घरी गेली, दळणकांडणात वाढली. तिच्या नावावरचे साडेतीनशेच्या आसपास अभंग मुख्यतः नामदेवांच्या गाथेच्या आधारानं टिकले. 1869 साली सरकारनं 24,000 रुपये देऊन तुकोबांची गाथा इंदुप्रकाश छापखान्यात छापून घेतली, तेव्हा पंडितांनी देहू, तळेगाव, पंढरपूरच्या पोथ्या ताडून पाहिल्या. मोठं काम, आणि त्याचं ऋण मी मानते; छापखाना नसता तर ती पुस्तिका माझ्या हाती कुठून आली असती? पण पोथीशी पोथी ताडता येते. आजीचा पाठ कुठल्या दप्तरात होता? तिच्यासारख्या बायकांच्या लाखाहून अधिक ओव्या हेमा राईरकर आणि गी पॉइत्वाँ यांनी गावोगाव जाऊन टिपल्या, तोवर खेड्याखेड्यांत पिठाच्या गिरण्या आल्या होत्या.

मी त्या ओळीशेजारी समासात पेन्सिलीनं लिहिलं, "आजी म्हणत नाही." तिनं विचारलं, काय लिहिलंस? मी वाचून दाखवलं. अक्षरओळख नसलेल्या आजीनं त्या तीन शब्दांवरून बोट फिरवलं आणि पुस्तिका कपाळाला लावली.

आजी गेल्यावर तीन वर्षांनी चुलतबहिणीचं लग्न निघालं. हळद दळायला माळ्यावरचं जातं उतरवलं, धुतलं, पुजलं. दोघी चुलत्या समोरासमोर बसल्या. एकीनं जनीचा तोच अभंग धरला. मी समोर बसून त्या ओळीची वाट पाहत होते. चुलतीची मूठ वर आली, हळकुंडांचे तुकडे जात्याच्या तोंडात पडले, दुसरीनं पुढची ओळ उचलली.

मधली ओळ आलीच नाही.